तेलाला ‘आजीवन’ म्हणणे थांबवा: सीव्हीटी गाड्या विकणाऱ्या कंपन्यांना खुले पत्र

प्रति,
गोव्यात सीव्हीटी गिअरबॉक्स असलेल्या प्रीमियम मोटारी विकणाऱ्या कंपन्यांचे सेवा विभागप्रमुख आणि त्यांच्या अधिकृत वितरकांचे व्यवस्थापक

विषय: सीव्हीटी गिअरबॉक्सचे तेल बदलण्याचे वेळापत्रक, तपासणी आणि दुरुस्ती यांविषयी लेखी धोरण जाहीर करण्याबाबत

महोदय,

फोंड्यात माझ्या घराजवळ स्कूटर दुरुस्तीचे एक लहानसे गॅरेज आहे. तिथला मेकॅनिक गिअरलेस स्कूटरच्या डाव्या बाजूचे झाकण उघडतो, रबरी बेल्टवर बोट फिरवतो आणि चिरा दिसल्या की मालकाला स्पष्ट सांगतो की हा बेल्ट आता बदला, नाहीतर भर पावसात रस्त्यात अडकाल. व्हॅरिएटर, रोलर आणि बेल्ट हे शब्द गोव्यातल्या प्रत्येक स्कूटर मेकॅनिकच्या तोंडी आहेत आणि बेल्ट किती किलोमीटरला बदलायचा हे स्कूटरबरोबर मिळणाऱ्या पुस्तिकेतही छापलेले असते. १९८४ साली आलेल्या कायनेटिक होंडापासून आजच्या ॲक्टिव्हापर्यंत या सगळ्या स्कूटरमध्ये जे यंत्र आहे, ते तत्त्वतः सीव्हीटीच, म्हणजे ठरावीक गिअर न बदलता गुणोत्तर सलग बदलत ठेवणारा गिअरबॉक्सच होय. लाखभर रुपयांच्या स्कूटरच्या मालकाला जी माहिती न मागता मिळते, ती चाळीस-पन्नास लाखांची मोटार घेणाऱ्याला मागूनही मिळत नाही, आणि म्हणून मला हे पत्र लिहावे लागत आहे.

माझी ओळख थोडक्यात देतो, कारण पुढे जे लिहिणार आहे ते ऐकीव नाही. माझी उमेदीची वर्षे मांडवी आणि जुवारी या नद्यांतून खनिज वाहून नेणाऱ्या बार्जेसची इंजिने आणि गिअरबॉक्स सांभाळण्यात गेली. २०१२ मध्ये खाणी बंद पडल्या तेव्हा ते कामही थांबले. बार्जचा गिअरबॉक्स आम्ही तेलावरून ओळखत असू. तेलाचा रंग, वास, दोन बोटांत घासल्यावर लागणारी कच आणि ड्रेन प्लगच्या चुंबकाला चिकटलेला करडा लगदा पाहिला की आत कोणता बेअरिंग कुरकुरतो आहे याचा अंदाज येई. ‘हे तेल कधीच बदलायचे नाही’ असे वाक्य त्या सगळ्या वर्षांत मी एकदाही ऐकले नाही. ते मी पहिल्यांदा ऐकले ते आपल्यापैकी एका कंपनीच्या वातानुकूलित सेवा केंद्रात.

२०१७ साली मी एक नवी प्रीमियम सेडान घेतली. मुलगी बेळगावात असल्यामुळे महिन्यातून दोनदा चोर्ला घाट चढणे-उतरणे आणि एरवी फोंडा ते पणजी असा तिचा वापर होता. गाडी मनापासून आवडली होती, हे आधी सांगितले पाहिजे. गिअर बदलल्याचा धक्का नाही, इंजिनाची धडपड नाही आणि वाहतुकीच्या कोंडीत तर तिच्यासारखे सुख नाही. ६०,००० किलोमीटर झाल्यावर मी गिअरबॉक्सचे तेल बदलून द्या असे सांगितले, तेव्हा सर्व्हिस ॲडव्हायझरने हसून उत्तर दिले की हे ‘लाइफटाइम’, म्हणजे आजीवन चालणारे तेल आहे, त्याला हात लावायची गरज नाही. मी जॉबकार्डावर तशी नोंद करून मागितली. ती मिळाली नाही. त्या दिवशी मी हट्ट धरायला हवा होता. ७४,००० किलोमीटरच्या आसपास, ऑगस्टमध्ये, घाटात गाडी ताशी वीस ते चाळीसच्या वेगात थरथरू लागली. त्याच सेवा केंद्राने संगणक जोडला, पंधरा मिनिटांत गिअरबॉक्स ‘गेला’ असे सांगितले आणि पूर्ण असेंब्ली बदलण्याचे सहा लाखांच्या वरचे एस्टिमेट माझ्या हाती ठेवले. तोवर तेलाचा एक थेंबही कोणी बाहेर काढून पाहिला नव्हता.

आता मूळ यंत्राकडे येतो. आपल्या अभियंत्यांना यात नवीन काही नाही, पण हे पत्र वाचणाऱ्या गाडीमालकांना ते समजणे आवश्यक आहे. सीव्हीटीमध्ये ठरावीक दातांची चाके नसतात. दोन पुली असतात, प्रत्येक पुली दोन शंकूंची बनलेली असते आणि हे शंकू तेलाच्या दाबाने जवळ येतात किंवा दूर जातात. त्यांच्यामध्ये पट्टा वर-खाली सरकतो आणि इंजिन व चाके यांच्या वेगांचे गुणोत्तर सलग बदलत राहते. नेदरलँड्समध्ये डाफ कंपनीने १९५८ साली आपल्या ६०० या छोट्या गाडीत हे यंत्र रबरी पट्ट्यांसह आणले. पुढे त्याच डच परंपरेतून पोलादी पट्टा आला, ज्यात पातळ पोलादी कड्यांच्या दोन जुड्यांवर शेकडो चपट्या पोलादी चकत्या ओवलेल्या असतात आणि हा पट्टा ओढून नव्हे तर ढकलून शक्ती पोहोचवतो. काही कंपन्यांनी पट्ट्याऐवजी साखळी वापरली. पट्टा असो वा साखळी, शक्ती जाते ती पोलादाच्या पोलादावरील घर्षणातून, आणि त्या दोहोंच्या मध्ये असतो तेलाचा एक अतिशय पातळ थर.

या तेलाकडून आपण दोन परस्परविरोधी कामे करून घेत असतो. त्याने वंगणही द्यायचे आणि पट्टा घसरू नये इतके घर्षणही राखायचे. त्याशिवाय पुलींना आवळून धरणारा दाबही त्याच्याच मार्फत पोहोचतो आणि गिअरबॉक्समधली उष्णताही तेच बाहेर नेते. म्हणूनच साध्या ऑटोमॅटिकचे तेल सीव्हीटीत चालत नाही आणि म्हणूनच प्रत्येक कंपनी आपल्या तेलाचे वेगळे मानक ठरवते. तेलातली रसायने थकली की घर्षणाचा तोल बिघडतो आणि पट्टा क्षणभर घसरतो. त्या एका घसरण्याने पुलीच्या आरशासारख्या पृष्ठभागावर ओरखडा उठतो, त्यातून सुटलेले पोलादाचे कण तेलात मिसळतात, ते कण तेलाचा दाब सांभाळणाऱ्या व्हॉल्व्ह बॉडीतल्या सोलेनॉइडपर्यंत, म्हणजे विजेवर चालणाऱ्या झडपांपर्यंत, पोहोचून दाब डळमळीत करतात आणि दाब कमी पडला की पट्टा पुन्हा घसरतो. एकदा हे चक्र सुरू झाले की बिघाड स्वतःच स्वतःला वाढवत नेतो. ग्राहकाला जाणवणारी ती हलकी थरथर या साखळीतली पहिली कडी असू शकते, आणि नेमक्या त्याच टप्प्यावर आपली सेवा केंद्रे ‘सीव्हीटी अशीच असते’ असे सांगून गाडी परत पाठवतात.

तेल कशाने थकते? मुख्यतः उष्णतेने. वंगणशास्त्रातला जुना ठोकताळा असा की तापमान दर १० अंश सेल्सिअसने वाढले की तेलाच्या ऑक्सिडीकरणाचा वेग साधारण दुप्पट होतो. आपल्याच गाड्यांच्या पुस्तिका काढून पाहाव्यात. बहुतेकांत ‘प्रतिकूल परिस्थिती’ असे एक वेगळे पान असते आणि त्यात लहान अंतराच्या फेऱ्या, थांबत-थांबत चालणारी वाहतूक, उष्ण हवामान, डोंगराळ रस्ते आणि धूळ यांची नावे असतात. अशा परिस्थितीत देखभालीची मुदत अलीकडे घ्यावी असे आपणच तिथे लिहिलेले आहे. आता गोव्याकडे पाहा. उत्तरेच्या टोकापासून दक्षिणेच्या टोकापर्यंत आपले राज्य जेमतेम शंभर किलोमीटरचे, म्हणजे बहुतेकांच्या फेऱ्या पाच-दहा किलोमीटरच्या. त्यांत तेल पुरते तापतही नाही आणि आत साचलेला दमटपणा उडून जात नाही. पर्वरीला लागणाऱ्या वाहतुकीच्या रांगांत एप्रिल-मेच्या उन्हात एसी लावून अर्धा अर्धा तास सरपटणे काय असते, ते तिथून रोज कामावर जाणाऱ्यांना विचारा. शेजारच्या राज्यांत जायचे म्हटले तर चोर्ला, अनमोड, आंबोली हे घाट आहेत. जून ते सप्टेंबर मिळून शंभर इंचांच्या वर पाऊस पडतो, आणि पाण्यातून गाडी काढली की गिअरबॉक्सच्या श्वासनळीतून पाणी आत जाण्याची भीती असते. किनाऱ्यावरच्या खाऱ्या हवेत विजेच्या जोडण्या गंजतात ते निराळेच. आपल्या पुस्तिकेतली प्रतिकूल परिस्थितीची यादी जणू आमच्या राज्याकडे पाहूनच केलेली आहे. तरीही पणजीच्या किंवा मडगावच्या सेवा केंद्रात ज्या तक्त्यावर बोट ठेवले जाते तो मात्र सर्वसाधारण परिस्थितीचा असतो.

‘आजीवन’ या शब्दाविषयी मला तीव्र आक्षेप आहे. कोणाचे आयुष्य? गाडीचे की वॉरंटीचे? ऑडीने १९९९ मध्ये ए-६ गाडीत मल्टिट्रॉनिक ही साखळीची सीव्हीटी आणली आणि साधारण २०१४ पर्यंत ती चालवली. भारतातही त्या गाड्या विकल्या गेल्या. त्या गिअरबॉक्सचे तेल ६०,००० किलोमीटरला बदलावे असे खुद्द कंपनीनेच सांगितले होते. म्हणजे महागड्या गाडीच्या सीव्हीटीला मुदत ठरवता येत नाही, असे मुळीच नाही. अमेरिकेत निसानने २०१० पर्यंतच्या आपल्या सीव्हीटी गाड्यांची गिअरबॉक्सवरील वॉरंटी ५ वर्षे किंवा ६०,००० मैलांवरून थेट १० वर्षे किंवा १,२०,००० मैलांपर्यंत वाढवली होती. त्यामागे ग्राहकांच्या तक्रारींचा रेटा होता हे खरे, पण कंपनीने जबाबदारी घेतली आणि ती लेखी घेतली. गोव्यातल्या ग्राहकाने तितकीच अपेक्षा केली तर त्याला उर्मट ठरवले जाऊ नये.

एक गोष्ट न्याय्यपणे सांगितली पाहिजे, कारण या बाबतीत आमच्याकडेही गोंधळ आहे. हायब्रिड गाड्यांतील ई-सीव्हीटी हे नाव सारखे असले तरी यंत्र वेगळे असते. टोयोटा कॅमरी किंवा लेक्सस ईएस ३०० एच या गाड्यांत पट्टा नाही आणि शंकूच्या पुलीही नाहीत. तिथे मधल्या चाकाभोवती ग्रहांसारख्या फिरणाऱ्या दातांच्या चाकांचा एक संच आणि दोन विद्युत मोटरी मिळून गुणोत्तर बदलतात, त्यामुळे पट्टा घसरण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. टोयोटाने २०१८ मध्ये जाहीर केलेल्या डायरेक्ट शिफ्ट सीव्हीटीत पट्टा आहे, पण गाडी जागेवरून हलताना, म्हणजे जिथे पट्ट्यावर सर्वाधिक ताण येतो तिथे, खरेखुरे दातांचे चाक काम करते. या सुधारणा स्वागतार्ह आहेत. मात्र शोरूममध्ये या तिन्ही प्रकारांना ‘सीव्हीटी’ या एकाच नावाने हाक मारली जाते. त्यामुळे एकाची ख्याती दुसऱ्याच्या विक्रीला वापरली जाते आणि एकाची बदनामी दुसऱ्याच्या माथी येते. विक्री प्रतिनिधीने ग्राहकाला दोन मिनिटे काढून हा फरक समजावून सांगावा, एवढे प्रशिक्षण देणे आपल्याला जड नाही.

माझ्या गाडीचे पुढे काय झाले ते सांगतो. म्हापशाच्या एका स्वतंत्र मेकॅनिककडे योग्य स्कॅनर होता. त्याने तेलाचा पॅन उतरवला. तेल काळपट तपकिरी झाले होते, त्याला करपल्याचा वास होता आणि पॅनमधल्या चुंबकांवर करड्या लगद्याचा जाड थर बसला होता. त्याने फिल्टर बदलला, कंपनीच्या मानकाचे तेल दोन टप्प्यांत बदलले, ठरलेल्या तापमानाला पातळी तपासली आणि गिअरबॉक्सच्या संगणकाला नव्याने शिकवण्याची प्रक्रिया पूर्ण केली. थरथर जवळजवळ गेली आणि गाडी आणखी अकरा महिने चालली. तेल बदलल्याने गिअरबॉक्स पूर्ण बरा झाला असे मी म्हणणार नाही, कारण पुलीवर उठलेले ओरखडे तेलाने भरून निघत नाहीत; शेवटी घरघर सुरू झाली आणि पुण्याला नेऊन पट्टा, पुली आणि बेअरिंग बदलून घ्यावे लागले. तरीही तो सगळा खर्च, गाडी ट्रकवर घालून नेण्या-आणण्यासह, आपल्या एस्टिमेटच्या निम्म्याहून कमी होता. हेच तेल ६०,००० किलोमीटरला बदलले असते तर यातले किती टळले असते, याचा हिशेब आपल्या अभियंत्यांनी करावा.

त्या मेकॅनिकची अडचणही मी जवळून पाहिली. तेलाचे नेमके मानक, किती लिटर भरायचे, पातळी कोणत्या तापमानाला पाहायची, ही साधी माहिती त्याला इकडून-तिकडून गोळा करावी लागत होती. सुटे भाग मागावेत तर ‘असेंब्लीच मिळेल’ हे उत्तर ठरलेले. भारतीय स्पर्धा आयोगाने २५ ऑगस्ट २०१४ रोजी १४ मोटार कंपन्यांना मिळून सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला होता तो याच वर्तनासाठी, म्हणजे सुटे भाग, तपासणीची साधने आणि तांत्रिक माहिती स्वतंत्र गॅरेजांपासून दूर ठेवण्यासाठी. त्या आदेशाविरुद्ध कंपन्या अपिलात गेल्या हे मला ठाऊक आहे. पण कायद्याचा वाद बाजूला ठेवला, तरी गोव्यासारख्या लहान राज्यात, जिथे एखाद्या कंपनीचे एकच अधिकृत केंद्र असते आणि त्याच्याशी पटले नाही तर ग्राहकाला दुसऱ्या राज्यात जावे लागते, तिथे या अडवणुकीचा जाच मुंबईपेक्षा कितीतरी अधिक होतो.

म्हणून माझ्या मागण्या आहेत, आणि त्यांचे उत्तर मला तोंडी नको, छापील हवे. गोव्यात विकल्या जाणाऱ्या प्रत्येक सीव्हीटी गाडीच्या सर्व्हिस पुस्तिकेत गिअरबॉक्सच्या तेलाची तपासणी आणि बदल यांची मुदत किलोमीटर आणि वर्षे या दोन्हींत, प्रतिकूल परिस्थितीच्या हिशेबाने नोंदवावी. ज्या गाडीचे तेल खरोखरच बदलायचे नाही असा आपला दावा असेल, तिच्या गिअरबॉक्सवरील वॉरंटी त्या दाव्याला शोभेल इतकी लांब द्यावी. शब्दावर विश्वास असेल तर त्याची किंमत मोजायला हरकत नसावी. तेलाचे मानक, प्रमाण आणि पातळी तपासण्याची पद्धत कोणालाही वाचता येईल अशी खुली ठेवावी. गिअरबॉक्स बदलण्याचे एस्टिमेट देण्यापूर्वी पॅन उतरवून त्याची छायाचित्रे, संगणकातले दोषांक, दाबाचे मोजमाप आणि तेलाचा नमुना ग्राहकाच्या हाती द्यावा, म्हणजे त्याला दुसऱ्या तज्ज्ञाचे मत घेता येईल. व्हॉल्व्ह बॉडी, पट्टा, पुली आणि बेअरिंग स्वतंत्रपणे विकावेत. थरथरीची तक्रार घेऊन आलेल्या ग्राहकाला ‘ही सीव्हीटीची सवय आहे’ असे सांगायचे असेल, तर ते वाक्य जॉबकार्डावर सहीनिशी लिहून द्यावे.

आणखी एक बाब लहान आहे, पण तिच्याकडे दुर्लक्ष केल्यास नुकसान मोठे होते. पावसाळ्यात बंद पडलेली गाडी आमच्याकडे क्रेन बोलावून ओढून नेतात. इंजिन बंद असताना गिअरबॉक्सचा तेलपंप फिरत नाही. अशा वेळी चालकचाके रस्त्यावर घासत गेली तर पट्टा आणि बेअरिंग वंगणाविना फिरतात आणि काही किलोमीटरांत वर्षांची झीज होते. चारही चाकांना शक्ती असलेल्या गाडीला तर सपाट ट्रकशिवाय हलवूच नये. ही सूचना पुस्तिकेच्या तीनशेव्या पानावर असून उपयोग नाही. ती मराठी, कोकणी आणि इंग्रजीत गाडीच्या दारावर चिकटवावी, कारण क्रेनवाला पुस्तिका वाचत नाही, दार मात्र उघडतो.

जुन्या प्रीमियम गाड्या आता चांगल्या हॅचबॅकच्या किमतीत मिळू लागल्या आहेत आणि गोव्यातले तरुण त्या हौसेने घेतात. अशी गाडी घेताना मागच्या मालकाने गिअरबॉक्सचे तेल कधी बदलले याची नोंद आपल्या प्रणालीत असते. ती नव्या मालकाला विनाअट मिळाली पाहिजे. ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ प्रमाणे वस्तूचा दर्जा आणि मानक यांची माहिती मिळणे हा ग्राहकाचा हक्क आहे. केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने डिसेंबर २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी जे पोर्टल सुरू केले, त्यात मोटारींचाही समावेश आहे. गाडीमालकांसाठी इथेच सांगून ठेवतो की ५० लाखांपर्यंत मोबदला दिलेल्या खरेदीची तक्रार जिल्हा आयोगाकडे आणि त्याहून अधिक, २ कोटींपर्यंतची, राज्य आयोगाकडे करता येते आणि ती कारण घडल्यापासून दोन वर्षांच्या आत करावी लागते. मला त्या वाटेने जायचे नाही. माझी गाडी आता चालते आहे, माझे पैसे गेले ते गेले. पण वाहतुकीत माझ्या शेजारी उभ्या असलेल्या, अजून थरथरू न लागलेल्या गाड्यांसाठी मी हे लिहितो आहे.

माझ्या गाडीतून पहिल्यांदा काढलेले तेल मी एका काचेच्या बाटलीत भरून ठेवले आहे. शेजारच्या दुसऱ्या बाटलीत त्याच मानकाचे नवे तेल आहे. आपल्यापैकी ज्या कंपनीला ‘आजीवन’ हा शब्द पुढेही वापरायचा असेल, तिच्या अभियंत्याने फोंड्याला यावे. मी दोन्ही बाटल्या त्याच्यासमोर ठेवीन आणि प्रयोगशाळेत तपासण्यासाठी हवा तेवढा नमुना देईन.

आपला,
सीव्हीटी गाडीचा एक मालक आणि निवृत्त बार्ज अभियंता
फोंडा, गोवा